तिसऱ्या पुकाऱ्याआधीची फातिहा

सीदी मन्नूशच्या गुरुवारच्या बाजारात मेंढ्यांच्या फाटकावर बाई उभी असते, हे आसपासच्या गावांना पचायला बरीच वर्षं गेली. दलंदाचा नवरा त्या फाटकावर पावत्या फाडायचा. एका हिवाळ्यात छातीच्या दुखण्यानं तो गेला. चाळिसावा उरकला आणि पुढच्या गुरुवारी उजाडायच्या आत ती त्याची लोकरी कशाबिया अंगावर चढवून त्याच्या जागेवर जाऊन उभी राहिली. बाजाराचा ठेकेदार तेव्हा हाज शेदली होता. तो आला, तिला पाहिलं आणि थबकला.

"हे काय चाललंय?"

"पावत्या फाडतेय."

"मेंढरांच्या फाटकावर? मी तुला अंड्या-कोंबड्यांकडे बसवतो. तिथं बायका असतात."

"मेंढरांना काही अडचण दिसत नाही, हाज. तुम्हाला आहे का?"

हाज शेदलीला अडचण होती, पण त्या दिवशी दुसरा माणूस नव्हता. आठवडाभर बघू, असं तो म्हणाला. त्या आठवड्याची वीस वर्षं झाली. त्यात एकदा एका व्यापाऱ्यानं पैसे न देता ट्रक आत घुसवायचा प्रयत्न केला, तेव्हा ती पुढच्या चाकासमोर जमिनीवर बसली आणि पिशवीतली भाकरी काढून जेवायला लागली. व्यापाऱ्यानं भोंगा वाजवून पाहिला, आई-बापाचा उद्धार करून पाहिला. तिची भाकरी संपायच्या आत त्यानं पैसे दिले. तेव्हापासून तिच्याशी वाद घालणारे बहुतेक बाहेरगावचे असत.

बाजार नगरपालिकेचा. पण वसुली नगरपालिका स्वतः करत नाही. दर तीन वर्षांनी ठेक्याचा लिलाव होतो. सर्वांत मोठी बोली लावणारा नगरपालिकेला ठरलेले हप्ते भरतो आणि विक्रेत्यांकडून जागाभाडं, जनावरामागं शुल्क गोळा करतो. पाऊस पडला, रोग आला, बाजार बसला, तर नुकसान त्याचं. बकरी ईदच्या आधी ट्रकांच्या रांगा लागल्या, तर फायदाही त्याचाच.

हाज शेदलीचे गुडघे गेले आणि मुलं तर कधीचीच फ्रान्सला गेली होती. पुन्हा बोली लावायची नाही, असं त्यानं ठरवलं आणि दलंदाला बोलावून घेतलं.

"तू लाव."

"मी?"

"मग काय मेंढरं लावणार? फाटक तुझ्या हातात आहे. नूरीनं घेतला तर तो पहिल्याच दिवशी तुला घरी बसवेल. तसं तो कॉफीच्या टपरीवर उघड बोलतो."

नूरी मेंढ्यांचा व्यापारी होता. माणूस वाईट नव्हता, पण बाजार आपल्याच बापाचा आहे अशा थाटात फिरायचा, आणि त्याच्या मेंढ्यांमागं दलंदा प्रत्येक गुरुवारी शुल्क घेते हे त्याच्या मनात सलत होतं. दलंदानं दोन दिवस विचार केला. ठेका मिळाला तर ती बाजाराची मालकीण. नाही मिळाला तर नूरीच्या मर्जीवर, म्हणजे घरी. तिनं आपली जैतुनाची झाडं गहाण टाकली, मुलीनं सासरहून आपलं सोनं आणून दिलं, आणि अनामत भरली.

लिलाव नगरपालिकेच्या सभागृहात झाला. नियम भिंतीवर चिकटवलेला होता: सर्वांत मोठ्या बोलीचा तीन वेळा पुकारा होईल; तिसरा पुकारा संपेपर्यंत कोणालाही बोली वाढवता येईल. व्यासपीठावर नगराध्यक्ष, ज्यांना सगळे आदरानं सी बूराउई म्हणत, खजिनदार आणि दोन सदस्य. पुकारा करायला ताहर दलाल. त्याचा आवाज असा, की सभागृहात तो बोलू लागला तर बाहेरची गाढवं कान टवकारत.

बाकीचे बोलीदार लवकरच गळाले. दलंदा आणि नूरी दोघंच उरले. नूरीनं आकडा वाढवला, तिनं वाढवला, नूरीनं पुन्हा वाढवला. मागच्या खुर्च्यांवरून नूरीच्या चुलतभावांपैकी कोणीतरी म्हणालं, "बाईला सांगा, मेंढी विकत घ्यायची नाहीये, आख्खा बाजार घ्यायचाय." तिच्या नवऱ्याकडचे दोन-तीन गडी उठून उभे राहिले. खुर्च्या सरकल्या.

"पहिल्यांदा!" ताहर ओरडला.

दलंदाच्या मनात हिशेब चालू होता. अजून एकदा वाढवणं तिला शक्य होतं.

"दुसऱ्यांदा!"

सी बूराउई उठून उभे राहिले. गावात मारामारी झाली की त्यांनाच फोन येत असत. "बास, बास," ते म्हणाले. "आपण सगळे एकमेकांचे शेजारी. एका बाजारापायी घरं तोडायची का? अल्लाह बरकत देवो. फातिहा म्हणू या."

सीदी मन्नूशला लग्न ठरलं की फातिहा, कुराणाची सुरुवातीची प्रार्थना, म्हणतात, जमीन विकली की म्हणतात, भांडण मिटलं की म्हणतात. तळहात वर करून सगळे मिळून म्हणतात, मग हात चेहऱ्यावरून फिरवतात, आणि त्यानंतर कोणी बोलत नाही. सभागृहातले सगळे हात वर गेले. दलंदाचेही गेले. तिनं ते उचलले असं म्हणता येणार नाही, ते उठले. ओठ हलले. शेवटी "आमीन" झालं आणि ती तोंड उघडेपर्यंत लोक नूरीच्या दोन्ही गालांवर मुके देत होते.

ती व्यासपीठापाशी गेली. "सी बूराउई, तिसरा पुकारा राहिला."

"फातिहा झाली, लल्ला दलंदा," ते आदरानं म्हणाले.

"फातिहा झाली. पुकारा राहिला."

"फातिहेनंतर पुकारा?" सी बूराउई हसले, तेही बऱ्यापैकी मायेनं. "तुमचेही हात वर होते. मी स्वतः पाहिले."

मागं हशा पिकला. दलंदानं भिंतीवरचा नियम पुन्हा एकदा वाचला, ओढणी नीट केली आणि घरी गेली.

दुसऱ्या आठवड्यात ती शेअर टॅक्सीनं कैरवानला गेली. वकील रौदा यांचं कार्यालय मिठाईच्या दुकानाच्या वरच्या मजल्यावर होतं. जिन्यात तळलेल्या खजुराच्या वड्यांचा वास दाटलेला असे. पालिकांविरुद्धची प्रकरणं लढवून वकीलबाईंचा स्वभाव थोडा करकरीत झाला होता. त्यांनी सगळं ऐकून घेतलं.

"हात वर केले होते?"

"केले होते."

"का?"

"फातिहा चालू असताना हात खाली ठेवून कोण बसतं? तुम्ही बसला असतात?"

"नसते बसले." रौदांनी पेन खाली ठेवलं. "हे बघा. न्यायालय फातिहेचा निवाडा करत नाही. पालिकेनं स्वतःच केलेला नियम पाळला का, एवढंच ते बघतं. लिलावाच्या इतिवृत्तात काय लिहिलंय?"

"तीन पुकारे झाले म्हणून. खोटं आहे."

"असेल. पण त्यावर चौघांच्या सह्या आहेत. त्याच्या विरुद्ध आपल्याकडे काय आहे? तुमचा शब्द."

"आणि ताहर. ओरडला तोच."

"मग त्याला आणा. आणखी एक गोष्ट आत्ताच सांगते, म्हणजे नंतर मला शिव्या देऊ नका. आपण जिंकलो तरी न्यायालय बाजार तुमच्या हातात देणार नाही. दिलेला ठेका ते मोडू शकतं, तुम्हाला देऊ शकत नाही."

"मोडू दे," दलंदा म्हणाली. "मिळवायचं माझं मी बघते."

ताहर दलाल अंगणात बदाम फोडत बसला होता. ती आल्याचं पाहून त्यानं हातोडी आणखी जोरात आपटायला सुरुवात केली.

"ताहर, न्यायालयात लिहून देशील? तू दोनदाच पुकारलंस, एवढंच."

"मला आठवत नाही, लल्ला."

"तुझा आवाज तीन गावांत जातो आणि तू काय ओरडलास ते तुलाच आठवत नाही?"

ताहरनं हातोडी थांबवली. "माझा पोरगा नगरपालिकेच्या कचऱ्याच्या ट्रॅक्टरवर आहे," तो म्हणाला. "कायम झालेला नाही अजून."

ताहरच्या बायकोनं ओंजळभर बदाम तिच्या हातात कोंबले आणि ती निघाली.

याचिका दाखल झाली. ठेक्याला स्थगितीची मागणी न्यायालयानं फेटाळली. कागदावर सगळं रीतसर होतं. नूरीनं बाजार ताब्यात घेतला आणि पहिल्याच गुरुवारी फाटकावर आपला मेहुणा उभा केला. दलंदानं अंगणातली तबूना, म्हणजे मातीची भट्टी, पेटवली, भाकऱ्या भाजल्या आणि टोपली घेऊन शेअर टॅक्सीच्या थांब्यावर बसायला लागली. भाकरी चांगली होती, खपायची. पण कधी कधी एखादा भाकरी हातात घेऊन पुन्हा टोपलीत ठेवायचा.

"फातिहा मोडणारीच्या हातची नको."

"मग टोपलीतली दाबून बघू नका," ती म्हणायची. "दुसऱ्याला विकायची आहे."

घरी मात्र तिला झोप लवकर लागत नसे. लोकांची तिला भीती नव्हती, फातिहेची होती. आपण अल्लाहसमोर काही कबूल केलं आणि आता मोडतोय का, हा प्रश्न ती स्वतःलाच विचारत राही. गावातली कुजबुज तिला खोटी पाडता येत होती, पण तिचे हात वर होते हे खरं होतं.

हाज शेदली काठी टेकत तिच्या अंगणात आला तो याच सुमाराला. लोक त्यालाही बोलत होते. तूच तिला भरीस घातलंस म्हणत होते.

"याचिका मागं घे, पोरी."

"का?"

"फातिहेवरून कोर्टात जाणारी बाई या गावात आजवर झाली नाही. माझ्या बापानं जमीन विकली, तर कागद नव्हता, साक्षीदार नव्हते. फातिहा होती. पन्नास वर्षं कोणी ब्र काढला नाही."

"तुमच्या बापानं आधी सौदा केला, मग फातिहा म्हटली, हाज. इथं सौदा अर्धाच झाला होता."

"सगळ्यांनी म्हटली. तूही म्हटलीस."

"म्हटली." दलंदानं भट्टीतून भाकरी काढली. "लहानपणापासून दिवसातून किती वेळा म्हणते कोण जाणे. नूरीचं नाव तिच्यात मला कधी आढळलं नाही."

हाज शेदलीनं तिच्याकडे रोखून पाहिलं. मग तो हसायला लागला आणि हसता हसता त्याला खोकल्याची उबळ आली. "तुला समजवायला मी गुडघे दुखवत आलो," तो म्हणाला. "भाकरी दे एक. गरम दे."

त्याला उत्तर देताना तिचं स्वतःचंही उत्तर तिला सापडलं होतं. त्या रात्री ती झोपली.

काही महिन्यांनी वकीलबाईंचा निरोप आला, ताबडतोब या. पालिकेचं उत्तर न्यायालयात आलं होतं. सी बूराउईंनी वकील लावला नव्हता. एवढ्याशा गोष्टीला वकील कशाला, असं म्हणून स्वतःच सचिवाला समोर बसवून मजकूर सांगितला होता. रौदांनी चष्मा लावला आणि वाचायला सुरुवात केली. पालिकेनं नेहमीच गावातली शांतता जपली आहे. वादी बाई आदरणीय आहेत, पण त्यांना भडकवण्यात आलं आहे. आणि मग: "दुसऱ्या पुकाऱ्यानंतर वादीसह सर्व उपस्थितांनी फातिहा म्हटली. आमच्या गावात फातिहेनंतर कोणी बोली वाढवत नाही, ही पूर्वापार रीत असून वादीला ती पुरेपूर ठाऊक आहे."

रौदांनी तो कागद टेबलावर तिच्याकडे फिरवला आणि एका शब्दावर बोट ठेवलं. 'दुसऱ्या.'

"इतिवृत्त म्हणतं तीन पुकारे झाले. हे उत्तर म्हणतं दोन झाले. दोन्हींवर एकाच माणसाची सही."

दलंदानं कागद जवळ ओढला. "पण त्यांनी हे लिहिलं कशाला?"

"तुम्हाला लाज वाटावी म्हणून. न्यायाधीशांनाही वाटावं, ही कसली बाई, फातिहा म्हणून फिरली. पुकारा राहिला यात आपली काही चूक झाली, हे त्यांच्या डोक्यातच आलेलं नाही."

दलंदाला ते पटलं. सी बूराउईंनी त्या दिवशी तिला फसवलं असं तिला आजवर वाटत होतं. आता तिच्या लक्षात आलं की ते आपल्या दृष्टीनं खरंच बोलत होते. हात वर झाले म्हणजे झालं. इतिवृत्त काय, सचिवानं नेहमीच्या नमुन्यावर लिहून टाकलेलं. त्यामुळे तिचा राग कमी झाला. मागं हटण्याचा विचार मात्र तिच्या मनाला शिवला नाही.

सुनावणी थोडक्यात झाली. तीन न्यायाधीश होते. मधल्या बाईंनी पालिकेच्या सचिवाला एकच प्रश्न विचारला.

"तिसरा पुकारा झाला होता का?"

"फातिहा झाली होती, बाईसाहेब."

"मी पुकाऱ्याबद्दल विचारतेय."

सचिवानं मागं वळून पाहिलं. मागं कोणी नव्हतं. "त्याची गरज उरली नव्हती," तो म्हणाला.

निकाल आला तेव्हा नूरीच्या ठेक्याचं दुसरं वर्ष चालू होतं. ठेका देण्याचा निर्णय रद्द झाला. कारणं पानभरात मावली: नियम पालिकेनंच केला होता, तो तिच्यावरही बंधनकारक आहे, रीत कितीही जुनी असली तरी जाहीर केलेल्या पुकाऱ्याची जागा घेत नाही, आणि प्रार्थनेत हात उचलणं म्हणजे बोली लावण्याचा हक्क सोडणं नव्हे.

कॉफीच्या टपरीवर वेगळीच बातमी पसरली. "कैरवानच्या कोर्टानं फातिहा रद्द केली!" दलंदा टोपली घेऊन तिथून जात होती. ती थांबली.

"फातिहा जिथं होती तिथं आहे," ती म्हणाली. "लिलाव रद्द झालाय. वाचता येत नसेल तर मी वाचून दाखवते."

कोणी वाचून घेतलं नाही. पण त्या आठवड्यात टोपलीत भाकरी परत ठेवणारेही कमी झाले.

अपील करायला मुदत होती. सी बूराउईंनी ती जाऊ दिली; वरच्या न्यायालयातही त्यांचंच पत्र मोठ्यानं वाचलं जाणार, हे एव्हाना कोणीतरी त्यांच्या कानावर घातलं होतं. उरलेल्या काळासाठी नवा लिलाव जाहीर झाला. आदल्या दिवशी हाज शेदली पुन्हा आला.

"आता बोली लावू नकोस. जिंकलीस, मान राहिला. तिथंच थांब."

"मी कुठं जिंकले? नूरी हरला एवढंच."

"किंमत वर जाईल. स्फॅक्सचे लोक येणार म्हणतात. बुडशील."

"बुडले तर माझ्या आकड्यानं बुडेन," ती म्हणाली.

स्फॅक्सचा एक माणूस खरंच आला आणि त्यानं बराच वेळ किंमत चढवत नेली. मग त्यानं खांदे उडवले आणि बाहेर जाऊन सिगरेट पेटवली. नूरी थांबला नाही. मागच्या वेळी दलंदा मनातल्या मनात जिथवर जाणार होती तो आकडा केव्हाच मागं पडला. आता प्रत्येक बोलीबरोबर तिच्या हिशेबातली एकेक सोय गळत होती: फाटकावर पगारी माणूस नाही, भाजी बाजारातही स्वतःच फिरायचं, ईदआधीचे दोन बाजार हातचे गेले तर झाडं गेली. तिनं आणखी वाढवलं.

"पहिल्यांदा!"

नूरीनं भावाकडे पाहिलं. भावानं नकारार्थी मान हलवली.

"दुसऱ्यांदा!"

ताहर थांबला. सगळे व्यासपीठाकडे बघायला लागले. सी बूराउई समोरचे कागद लावत बसले होते, पहिल्यांदाच पाहत असल्यासारखे. ताहरनं छाती भरून श्वास घेतला.

"तिसऱ्यांदा!"

गाढवांनी बाहेर कान टवकारले असतील तर त्या दिवशी त्यांना कारण होतं. दलंदानं पुढं जाऊन सही केली.

पहिल्या गुरुवारी वारा सुटला होता आणि ट्रक अपेक्षेपेक्षा कमी आले. तिनं ते मनाशी नोंदवलं आणि फाटक उघडलं. नूरीच्या मेहुण्यानं रात्रीच किल्ली आणून दिली होती. उजाडता उजाडता नूरीचा स्वतःचा ट्रक आला. तो खाली उतरला. मागं मेंढ्यांची दाटी, मधे चार-पाच कोकरं.

"माझ्याकडूनही घेणार, लल्ला?"

"तुमच्याकडून दुप्पट घ्यायचा नियम नाही, सी नूरी. असता तर विचार केला असता."

नूरी हसला, मनाविरुद्ध. मग त्यानं कोकरांकडे बोट दाखवलं. आईच्या अंगावर पिणाऱ्या कोकराला शुल्क नसतं. "ही सगळी दूधपिती."

दलंदा ट्रकच्या कठड्यावर चढली आणि एका कोकराच्या कपाळावरची लोकर बाजूला केली.

"याला शिंगं फुटलीत."

"लवकर फुटली."

"आईला टोचत असतील. पैसे काढा."

मागचा ट्रक भोंगा वाजवायला लागला. नूरीनं खिशात हात घातला. दलंदानं पावती फाडली आणि मागच्या ट्रकला पुढं येण्याची खूण केली.